बारा झालरी

झाड आटलं होतं. दुसरा शब्दच नव्हता त्याला.

भाचीने टेप सैल केली, खोडावरची पापुद्र्यासारखी सुटलेली साल हाताने पुसली आणि टेप पुन्हा गुंडाळली. खोडाशी उभ्या केलेल्या काठीवरच्या खाचेला टेपची वरची कड बरोबर टेकवली. आकडा तोच आला.

"चौऱ्याऐंशी," ती म्हणाली.

तपासनीस दगडावर बसून मांडीवरचं जुनं रजिस्टर बघत होते. वरच्या ऑफिसातून आलेला हा माणूस प्रत्येक गोष्ट डोळ्याजवळ धरून बघायचा, म्हणून वनखात्याच्या चौकीतल्यांनी पहिल्याच दिवशी त्यांचं नाव भिंगसाहेब ठेवलं होतं.

"प्लॉट चार, बिल्ला सतरा," भिंगसाहेब म्हणाले. "दहा वर्षांपूर्वी सत्त्याऐंशी. सकाळपासून असं हे सोळावं. बाई, मी नोकरीत बरंच पाहिलंय. झाडं जळतात, चोरीला जातात. बारीक होताना बघितली नव्हती."

भाची हसली, पण ओठांपुरतं. ती या उताराची वनरक्षक होती. मामामामींच्या घरी लहानाची मोठी झाली, त्यामुळे गल्लीत सगळे तिला भाचीच म्हणत. आपणही तेच म्हणू.

या उतारावर वीस-वीस झाडांचे बारा प्लॉट होते. प्रत्येक झाडाला पत्र्याचा नंबरी बिल्ला ठोकलेला. दर दहा वर्षांनी तीच झाडं छातीच्या उंचीवर, म्हणजे काठीवरच्या खाचेपाशी, मोजायची आणि जंगल वाढतंय की खंगतंय ते बघायचं, एवढं साधं काम. मागची मोजणी ज्यांनी केली त्यांची सही रजिस्टरच्या प्रत्येक पानाखाली होती. ठसठशीत, डावीकडे झुकलेली. ती सही भाचीने शाळेच्या प्रगतिपुस्तकावर दरवर्षी पाहिली होती. मामांचीच होती ती.

"इकडे या जरा," भिंगसाहेब म्हणाले. त्यांनी पान उन्हाकडे धरलं. "काय दिसतं?"

"आकडे."

"काय दिसत नाही, ते विचारतोय. घामाचा डाग नाही. चीक नाही. चिरडलेली मुंगी नाही. सगळ्या ओळी एका शाईत, एका हाताने, पट्टी लावल्यासारख्या. हे झाडाखाली बसून लिहिलेलं नाही बाई. हे टेबलावर लिहिलंय." त्यांनी रजिस्टर मिटलं. "हे गृहस्थ आहेत अजून?"

"आहेत. रिटायर झालेत."

"ओळखता?"

"इथेच राहतात," भाची म्हणाली. 'माझे मामा' हे दोन शब्द अगदी ओठांवर आले आणि तिथेच थबकले. खोटं ती बोलली नव्हती; पण खरं गिळलं होतं, आणि ते घशाखाली उतरताना तिला कळलं.

निघताना भिंगसाहेब पुन्हा खोडाशी वाकले. "आणि हे काय?"

सालीत एक तांबूस ठिपका होता, गंजलेला, मोहरीएवढा. खाचेच्या बराच खाली. शेजारच्या झाडावरही तसाच एक. भाचीला आठवलं, तिने असे ठिपके आधीही पाहिले होते आणि किडीचं काहीतरी असेल म्हणून सोडून दिले होते.

"धातू आहे," नखाने खरवडून ते म्हणाले. "कुणीतरी झाडांना काहीतरी टोचलंय. विष घालायची ही एक पद्धत असते, ऐकलंय मी." त्यांनी वहीत टिपून घेतलं आणि पेनचं टोपण लावता लावता सहज म्हणाले, "शुक्रवारी निवेदन लिहू. मागील मोजणी विश्वासार्ह नाही. खाली दोन सह्या, माझी आणि तुमची."

"मग उताराचं काय?"

"दहा वर्षांची खात्रीची नोंद नसेल तर राखीव यादीतून नाव जातं. नव्या लागवडीच्या यादीत येतं. हे सगळं साफ करायचं आणि झटपट वाढणारी सरळसोट झाडं लावायची, रांगेत. नियम आहे. मी केलेला नाही."

भाचीने वर पाहिलं. उतार कसा होता म्हणाल तर काही देखणा नव्हता. खडकातून वर आलेली, बुंध्याशी फुगलेली, कडेला वेडीवाकडी वाढलेली झाडं. पण खालच्या ओढ्याला उन्हाळ्यातही पाणी असायचं ते त्यांच्याच मुळांमुळे.

*

घर दोन खोल्यांचं. पुढच्या खोलीत खिडकीशी मामीचं शिलाई मशीन, भिंतीला मामांची खाट, आणि खाटेखाली त्यांची हिरवी पत्र्याची पेटी. मामा उंचेपुरे, ताठ. दारातून आत येताना अजूनही सवयीने मान वाकवत. मामी त्यांच्या काखेखालून निघून जाईल एवढीशी. बोलायचीही तशीच, कमी आणि हळू. दिवसाचा बराचसा वेळ तिच्या ओठांत चार-पाच टाचण्या धरलेल्या असत, त्यामुळे गिऱ्हाइकांना तिचं हो आणि नाही मानेवरूनच ओळखायची सवय झाली होती.

जेवताना भाचीने अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, "मामा, मागची उतारावरची मोजणी तुम्हीच केली होती ना?"

"सही कुणाची आहे?"

"तुमची."

"मग झालं तर."

मामा म्हणजे नाकासमोर चालणारा माणूस. सरळ प्रश्नाला ते उलटा प्रश्न करायला लागले की कुठेतरी पाणी मुरतंय, हे भाचीला परकर घालायच्या वयापासून माहीत होतं.

"नाही, म्हणजे रोज वर जायचात तुम्ही? चढ केवढा आहे तो."

"टीपकागद, जेव." लहानपणी ती ऐकलेलं सगळं टिपून घ्यायची, म्हणून मामांनी ठेवलेलं हे नाव. एरवी त्यात लाड असायचा. आज नव्हता.

खिडकीशी मामी कुणाचा तरी झगा उसवत बसली होती. तिचा हात थांबला. मग पुन्हा सुरू झाला, पण आधीपेक्षा जलद.

"गार होतंय तुझं," मामी म्हणाली.

त्या रात्री अंथरुणावर पडल्यापडल्या भाचीला बूट आठवले. ती तेव्हा सोळा वर्षांची होती. सकाळी सगळ्यांच्या आधी कॉलेजला जायची, संध्याकाळी यायची आणि दाराशी मामांचे बूट असायचे. मोजणीच्या त्या महिन्यात बूट स्वच्छ होते. तिला नक्की आठवत होतं, कारण एरवी त्यांचा चिखल खरवडायचं काम तिचं असे आणि त्या महिन्यात तिला सुट्टी मिळाली होती. किती आनंद झाला होता तेव्हा.

उतारावर जाऊन आलेल्या माणसाचे बूट स्वच्छ राहत नाहीत. म्हणजे मामा गेलेच नव्हते. चौकीत टेबलाशी बसून त्यांनी दोनशे चाळीस झाडं मनाने मोजली होती.

आणि हाच माणूस तिला शिकवायचा की पेन्सिल सापडली तरी मालकाला द्यावी.

*

पुढचे दोन दिवस ती उतारावर झाडं मोजत होती आणि घरी मामांना. मामा पाणी पितात ते डोळे चुकवून का? साहेबांचं नाव काय, ते आज पुन्हा का विचारलं? मामी आणि ते स्वयंपाकघरात हळू आवाजात बोलत होते, आपण येताच गप्प का झाले? एकदा संशय घरात शिरला की तो सगळ्या वस्तूंना हात लावतो. मामांनी वर्तमानपत्राची घडी घातली तरी ती तिला काहीतरी झाकल्यासारखी दिसू लागली.

"सारखी बघतेस काय माझ्याकडे?" मामा एकदा म्हणाले. "तोंडावर काही लिहिलंय का माझ्या?"

"कुठे काय. दाढी वाढलीय तुमची."

"ती रोजच वाढते. पूर्वी विचारत नव्हतीस."

उतारावर आकडे काही दया करायला तयार नव्हते. प्लॉट आठ संपला तेव्हा शंभरावर झाडं आटलेली निघाली. कुठे दोन सेंटीमीटर, कुठे तीन. भिंगसाहेब आता थट्टा करत नव्हते, आणि ते जास्त वाईट होतं.

गुरुवारी दुपारी मामा वाचनालयात गेले. मामी मागे कपडे वाळत घालायला गेली होती. पेटीची किल्ली घड्याळामागे असते हे भाचीला ठाऊक होतं. ठाऊक असूनही इतक्या वर्षांत तिने हात लावला नव्हता. तिने खाटेखालून पेटी ओढली. पत्रा फरशीवर करकरला तेव्हा तिचाच जीव दचकला.

वर जुना गणवेश, इस्त्री करून. शिट्टी. मग गुडघ्याला बांधायचा एक जाड पट्टा, मळकट, बक्कल तुटलेलं. आणि तळाशी वर्तमानपत्रात गुंडाळलेलं एक मऊ पुडकं.

तिने ते सोडलं आणि तिला काहीच कळेना. झालरी होत्या. एका आडव्या जाड दोऱ्याला एकाशेजारी एक बांधलेले लांबलांब पांढरे दोरे, पडद्याच्या कडेला लावतात तसे. पण कुठल्या पडद्याला एवढ्या लांबीची आणि एवढी ओबडधोबड झालर कोण लावील? एक दोरा लांब, दुसरा आखूड. सुरुवातीला काही गाठी. पहिल्या झालरीला एक गाठ, दुसरीला दोन. अशा बारा.

चाहूल लागली म्हणून तिने मान वर केली. मामी दारात उभी होती. हातात ओल्या कपड्यांची रिकामी बादली, ओठांत टाचण्या.

भाचीचे कान तापले. "मामी, मी..."

मामीने बादली खाली ठेवली आणि पुढचं दार लोटून घेतलं. रागावली नाही. पेटीकडे बघितलं, झालरींकडे बघितलं आणि भिंतीला टेकून बसली. ओठांतल्या टाचण्या तिने काढल्या नाहीत.

"हे काय आहे?"

मामीने मान हलवली. सांगणार नाही.

"मामांनी सांगू नको म्हटलंय?"

हो.

"उद्या मला सही करायची आहे, मामी. मामांनी खोटं लिहिलं म्हणून. आणि वरचं सगळं जंगल जाणार आहे. तरीही नाही सांगणार?"

मामीच्या डोळ्यांत पाणी तरळलं, पण मान तशीच राहिली. दिलेला शब्द तिच्या लेखी नेमासारखा होता. ताप आला, पाहुणे आले म्हणून तो मोडत नाही. मग ती उठली, मशीनच्या खणातून आपली टेप काढली, भाचीच्या मांडीवर ठेवली, आणि पुन्हा जाऊन झग्याला दुमड घालू लागली. दुमड नीट बसेना म्हणून ओठांतली एक टाचणी काढून तिने कापडात खुपसली आणि मग दोन्ही हात मोकळे करून कापड फिरवून घेतलं.

भाची तिच्या हाताकडे बघत राहिली.

मग तिने चार गाठींची झालर उचलली आणि दोरे मोजत गेली. सतराव्या दोऱ्याला टेप लावली. सत्त्याऐंशी.

अठरावा. एक्क्याण्णव. रजिस्टरमध्ये एक्क्याण्णवच होते. ते आकडे तीन दिवस तिच्या डोळ्यांपुढून हलत नव्हते.

एकटीला जाड खोडाभोवती दोरा फिरवायचा असेल तर एक टोक धरणार कोण? टाचणी. सालीतला मोहरीएवढा गंज. आणि दाराशी मामांचे स्वच्छ बूट असायचे, तर त्याच महिन्यात मामीच्या चपलेचा अंगठा तीनदा तुटला होता. चांभाराकडे भाचीच घेऊन गेली होती. तेव्हा तिने फक्त बूट टिपून घेतले होते.

"मामी," ती म्हणाली, "दोरा छातीशी धरायचीस? तुझ्या छातीशी?"

मामीने चकित होऊन वर पाहिलं. दुसऱ्या कुणाच्या छातीशी धरणार, असं तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलेलं होतं.

*

"पेटी कुणी उघडली?" मामा दारातूनच म्हणाले.

"मी."

ते खाटेवर बसले. बराच वेळ त्यांनी गुडघ्यावर हात चोळला. मामी आत निघून गेली होती.

"भोपळ्याएवढा झाला होता गुडघा," शेवटी ते म्हणाले. "डॉक्टरने बघितलं असतं तर अनफिट लिहून मोकळा झाला असता. चौकीपर्यंत कसाबसा जायचो, पुढे पाय उचलत नव्हता. ही म्हणाली, मी जाते. झाडीच्या सावलीत खात्याच्या टेपवरचे बारीक आकडे तिला दिसेनात. म्हणाली, दोरा कापून आणते, तुम्ही खाली मोजा. महिनाभर गेली. एक दिवस चुकवला नाही."

"आणि उंची? काठी नाही दिलीत तिला?"

"काठी मी कधी वापरली? तीस वर्षं छाती होती ना माझी. काठीच्या खाचेबरोबर यायची, चाचपून बघितलं होतं." ते थांबले. "तिला म्हटलं, छातीशी धर दोरा."

"तुमची छाती आणि मामीची छाती, मामा. खाली खोड जाड असतं."

मामांनी दाराच्या चौकटीकडे बघितलं, जिथे ते रोज वाकत आणि मामी कधीच वाकत नसे. त्यांचा चेहरा हळूहळू उतरला. दहा वर्षांत हे त्यांच्या डोक्यात आलं नव्हतं.

"साहेबांना सांगायला हवं."

"नाही."

"मामा, उद्या..."

"बायको डोंगर चढत होती आणि हा सावलीत बसून सह्या करत होता, हे ऐकायचं मला? चौकीत? मी ज्यांना हाताखाली घेतलं त्यांच्या तोंडून?" त्यांनी भाचीकडे पाहिलं. "आणि तू. तीन दिवस माझ्याकडे चोराकडे बघावं तशी बघत होतीस. पेटी उघडलीस. समोर बसून विचारलं नाहीस."

"विचारलं होतं. तुम्ही म्हणालात, जेव."



*

शुक्रवारी भिंगसाहेबांनी निवेदन लिहूनच आणलं होतं. प्लॉट चारच्या दगडावर त्यांनी ते पसरलं आणि वर एक गोटा ठेवला.

"सही करण्याआधी सांगायचंय," भाची म्हणाली. "मोजणी करणारे माझे मामा आहेत."

"माहीत आहे. पहिल्याच दिवशी चौकशी केली होती. तुम्ही कधी सांगताय ते बघत होतो." त्यांनी चष्मा पुसला. "शुक्रवार गाठलात. बरं, पुढे?"

तिने पिशवीतून पुडकं काढलं. सतराव्या झाडापाशी नेऊन गंजलेल्या ठिपक्याची उंची मोजायला सांगितली. एकशे आठ. अठराव्याला एकशे सात. एकोणिसाव्याला पुन्हा एकशे आठ. काठीची खाच एकशे सदतीसवर होती.

भिंगसाहेबांनी चार गाठींची झालर घेतली, सतरावा दोरा सोडवला आणि स्वतः त्या ठिपक्याशी टोक धरून खोडाभोवती फिरवला. दोन टोकं जुळली नाहीत. मध्ये तीन बोटं जागा राहिली.

"वाढलंय," ते म्हणाले, जणू झाडाने त्यांना काहीतरी गुपित सांगितलं. त्यांनी आणखी सहा झाडं केली. सहाही वेळा दोरा तोकडा पडला. कुठे दोन बोटं, कुठे चार.

"मोजणारा माणूस ठेंगणा होता," ते शेवटी म्हणाले. "तुमचे मामा किती उंच आहेत?"

खालून वाटेवर गोटे घसरल्याचा आवाज आला. मामी वर येत होती, एका हाताने झुडपं धरत, पदर खोचून. आणि खूप खाली, चौकीच्या पायरीवर, काठी आडवी ठेवून मामा बसलेले होते. ते इकडेच बघत होते.

मामी पोचली, श्वास घेतला, आणि सतराव्या झाडावर हात ठेवला. ठिपका बरोबर तिच्या छातीशी होता.

"मोजणी तुम्ही केलीत?" भिंगसाहेबांनी विचारलं.

मामी गप्प. आज ओठांत टाचण्या नव्हत्या, तरी गप्प.

"हे बघा बाई, मला लिहावं लागेल. चौकशीही होईल, खोटं कशाला सांगू. पण तुम्ही काही बोललाच नाहीत तर हे दोरे कुणाचे म्हणून दाखवू? कुणीही घरी बसून कापू शकतं."

मामीने उताराखाली पाहिलं. भाचीनेही. भिंगसाहेबही उठून उभे राहिले. मामा पायरीवरून उठले होते. एवढ्या अंतरावरून त्यांना शब्द ऐकू येणार नव्हते, पण तिघं आपल्याकडे का बघताहेत हे त्यांना कळलं असावं. त्यांनी काठी काखेत धरली, दोन्ही हात तोंडाभोवती लावले. जुनी सवय होती ती, या उताराला हाक घालायची.

"सांग आता," त्यांची हाक वर आली. "सगळं सांग."

मामीने पदराने तोंड पुसलं.

"मीच केली," ती म्हणाली. "दोनशे एकोणचाळीस खरी आहेत. एक खोटं आहे."

भिंगसाहेबांचं पेन हवेत राहिलं.

"प्लॉट नऊ, बिल्ला अकरा. मधमाश्या होत्या हो खोडाला. तीन दिवस गेले मी, हलल्याच नाहीत. शेवटच्या दिवशी शेजारच्या झाडाएवढा दोरा कापून बांधला. ह्यांनाही सांगितलं नाही." तिचा आवाज आणखी खाली गेला. "दहा वर्षं लागून राहिलंय मनाला. तेवढं एक खोडून टाका."

भिंगसाहेबांनी रजिस्टर उघडलं. प्लॉट नऊचं पान काढलं, पट्टी न लावता एका आकड्यावर रेघ मारली. मग निवेदनावरचा गोटा बाजूला केला, कागद चौघडी घालून खिशात टाकला आणि टेप उचलली.

"मधमाश्या आहेत का अजून, बघू चला," ते म्हणाले.

मामी पुढे झाली. वाट तिला पाठ होती. भाची क्षणभर मागे थांबली, आणि खाली उभ्या असलेल्या मामांकडे बघून तिने हात वर केला. बराच वेळ काहीच झालं नाही. मग मामांनीही काठी उचलली, जेमतेम, खांद्यापर्यंत.